निर्विलीनीकरण : एका अनावश्यक शब्दाविषयी

मराठी समीक्षेला उपसर्गांचा मोह जडला, त्याला आता बराच काळ लोटला आहे. ‘निर्वसाहतीकरण’ आले, ‘विरचना’ आली, ‘अपरिचितीकरण’ आले. यांपैकी काही संज्ञांनी आपले काम चोख बजावले, हे नाकारण्याचे कारण नाही. परंतु या यशातून एक सवय निर्माण झाली. इंग्रजी शब्दाच्या आरंभी ‘डी’ दिसला की मराठीत ‘निर्’, ‘वि’ किंवा ‘अप’ लावावा, शेवटी ‘करण’ जोडावे, आणि एक संकल्पना हस्तगत झाली असे समजावे. सीमाभागाच्या साहित्याची किंवा वासाहतिक इतिहासावरील कादंबरीची चर्चा सुरू झाली की या सवयीला नवे खाद्य मिळते. जोडून घेतलेला प्रदेश पुन्हा सोडून देण्याच्या क्रियेला इंग्रजीत ‘डीअ‍ॅनेक्सेशन’ म्हणतात. अमेरिकेतील नगरशासनाच्या कायद्यात या शब्दाचा अर्थ अगदी रोकडा आहे : शहराच्या हद्दीत घेतलेला भाग हद्दीबाहेर काढणे. राज्यशास्त्रात तोच शब्द एका सत्तेने गिळलेला मुलूख परत करण्यापर्यंत ताणला जातो. मराठीत याला शब्द नाही, तो घडवला पाहिजे, अशी ओरड मग ओघानेच येते. आणि ‘निर्विलीनीकरण’, ‘विसामीलीकरण’, ‘अपसंलग्नीकरण’ अशी रूपे हात जोडून उभी राहतात.

मराठीत शब्द नाही, हे म्हणणेच मुळात खरे नाही. मराठीत एक शब्द नाही. अनेक आहेत, आणि ते परस्परांचे पर्याय नाहीत. कोण देतो, कोण घेतो, कोणाला विचारले जाते, हे त्यांतील प्रत्येक शब्द वेगळ्या रीतीने सांगतो. या सर्वांवर एक उपसर्गयुक्त छत्री धरली, की समीक्षेने जे पाहावयाचे तेच नेमके झाकले जाते.

सोलापूरच्या भवानी पेठेत हा प्रश्न पुस्तकाविना समजतो. घोंगडे वस्ती, मड्डी वस्ती मागे टाकून शेळगीच्या बाजूला निघालेला माणूस थोड्याच वेळात ‘हद्दवाढ भागा’त पोचतो. १९९२ साली सोलापूर महानगरपालिकेची हद्द वाढली आणि भोवतालची गावे शहरात आली. या घटनेचे वर्णन बोलीत ‘गाव हद्दवाढीत गेले’ असे होते. ‘शेत धरणात गेले’, ‘घर रस्त्यात गेले’ याच घडणीचे हे वाक्य आहे. व्याकरणदृष्ट्या कर्ता गावच. पण या कर्त्याच्या हाती काही नाही. नेणारा कोण, हे वाक्य सांगत नाही आणि सांगण्याची गरजही त्याला वाटत नाही. उलट, हद्दीतून बाहेर काढण्याची वेळ आली की क्रियापद बदलते : गाव ‘वगळले’ जाते. आता गाव कर्म झाले, आणि वगळणारा, न दिसला तरी, वाक्यात हजर झाला. ‘वगळणे’ हे यादीचे क्रियापद आहे. संपादक मजकूर वगळतो, मुकादम हजेरीपटावरून नाव वगळतो. त्यात सुटकेचा आनंद नाही की ताटातुटीचे दुःख नाही. अधिसूचनेच्या अनुसूचीतून एक ओळ खोडली गेली, एवढाच त्याचा अर्थ.

आणि कायद्याचे वास्तव याच शब्दाशी जुळते. १९४९ च्या महानगरपालिका अधिनियमाच्या तिसऱ्या कलमात शहराच्या हद्दीत क्षेत्र समाविष्ट करणे आणि हद्दीतून क्षेत्र वगळणे या दोन्ही गोष्टी एकाच वाक्यात, एकाच अधिकाराखाली येतात. शासनाने विचारविनिमय करावयाचा तो महानगरपालिकेशी. इतरांच्या वाट्याला हरकती नोंदवणे येते. म्हणजे जोडणे आणि तोडणे या परस्परविरोधी क्रिया नव्हेत. एकाच हाताच्या दोन हालचाली आहेत. ‘निर्’ हा उपसर्ग मात्र विरोधाचा आभास निर्माण करतो : पहिली क्रिया अन्यायाची, दुसरी तिचे परिमार्जन. ‘वगळणे’ हा आभास निर्माण करीत नाही, म्हणून तो अधिक प्रामाणिक शब्द होय.

‘विलीनीकरण’ या शब्दाकडेही थोडे निरखून पाहावयास हवे, कारण उपसर्ग लावणाऱ्यांनी त्याच्या पोटात डोकावलेलेच दिसत नाही. विलीन होणे म्हणजे विरघळणे. १९४७ नंतर संस्थानांच्या संदर्भात हा शब्द रूढ झाला. १९६७ च्या जनमत कौलात गोव्याने महाराष्ट्रातील विलीनीकरण नाकारले. आणि २०२१-२२ मध्ये राज्य परिवहन महामंडळाच्या संपकरी कर्मचाऱ्यांनी तोच शब्द आपल्या मागणीसाठी उचलला. मीठ पाण्यात विरघळावे तसे काहीतरी या रूपकात अभिप्रेत आहे, आणि विरघळलेले मीठ उपसर्ग लावून परत मिळत नाही. ज्या शब्दाने परतीची वाट मुद्दाम बंद केली, त्याच्यापुढे ‘निर्’ लावणे हा भाषिक अडाणीपणा आहे. दुसरा सोपा पर्याय म्हणून ‘विलगीकरण’ पुढे केला जातो. तो शब्द २०२० च्या साथीत रुग्णालयात दाखल झाला, तो अजून तेथून पुरता बाहेर आलेला नाही.

शब्दांची ही संपत्ती आजची नव्हे. शालेय इतिहासाने ‘संस्थाने खालसा केली’ हा प्रयोग घरोघर पोचवला. १८४८ मध्ये सातारा, १८५४ मध्ये झाशी आणि नागपूर. यामुळे ‘खालसा’ म्हणजे डलहौसी असे समीकरण दृढ झाले. वस्तुतः शुद्ध, निर्भेळ या अर्थाच्या अरबी शब्दापासून निघालेली ही संज्ञा महसुली कारभारात कंपनीच्या पुष्कळ आधीपासून होती. ज्या गावाचा वसूल थेट सरकारात जमा होतो ते गाव खालसा. आणि या शब्दाला जोडीदार होता : ‘दुमाला’. ज्या गावाचा वसूल इनामदाराच्या वा सरंजामदाराच्या हाती दिला ते दुमाला गाव. तसे हवाली करणे म्हणजे दुमाला करणे. करवीर तालुक्यातील शिरोली दुमाला या गावाच्या नावात ही व्यवस्था अजून गोठून राहिली आहे. सरकारची मर्जी फिरली की सरंजाम जप्त होई. मर्जी वळली की जप्ती मोकळी होई आणि गाव पूर्ववत दुमाला होई. जोडून घेणे आणि सोडून देणे या दोहोंना अस्सल, कारकुनाच्या लेखणीत मुरलेले शब्द मराठीत होते. ‘दुमाला’ म्हणजे काटेकोर अर्थाने ‘परत’ नव्हे, हा आक्षेप योग्यच आहे. आणि त्यातच या शब्दाचे मोल आहे. देणाऱ्याचा वरचा हक्क अबाधित राहतो, हातात पडतो तो उपभोग, हे तो लपवीत नाही. जप्तीला ‘मोकळीक’ असते, सार्वभौमत्वाला नसते.

साताऱ्याच्या प्रकरणात हा फरक दुखऱ्या रीतीने दिसतो. १८३९ मध्ये पदच्युत झालेल्या प्रतापसिंहाच्या वतीने रंगो बापूजी लंडनला गेले आणि दशकाहून अधिक काळ दाद मागत राहिले. १८४७ मध्ये प्रतापसिंह वारले, १८४८ मध्ये राज्यच खालसा झाले, तरी वकील लंडनलाच होता. जुन्या कारभारात जप्ती मोकळी होऊ शकत होती, कारण जप्त करणारा आणि मोकळीक देणारा एकाच व्यवस्थेत बसत होते, त्यांना परस्परांची गरज होती. कंपनीला तशी गरज उरली नव्हती. येथे ‘खालसा’ हा शब्द तोच राहिला आणि त्याचा जोडीदार मेला. मराठी भाषेच्या इतिहासातील ही घटना कोणत्याही उपसर्गाहून अधिक बोलकी आहे. वासाहतिक सत्तेने शब्द आणले नाहीत, जोड्या फोडल्या. निर्वसाहतीकरणाची चर्चा करणाऱ्यांनी या फुटलेल्या जोडीपाशी क्षणभर तरी थांबावयास हवे होते.

इंग्रजीत तरी एक शब्द कोठे होता? १८८१ मध्ये म्हैसूरचा कारभार राजघराण्याकडे परत गेला, त्याला इंग्रजांनी ‘रेंडिशन’ म्हटले. गायकाने चीज सादर करणे यालाही इंग्रजीत तोच शब्द आहे, हा योगायोग बाजूला ठेवला तरी त्यातील ‘सुपूर्द करणे’ हा भाव स्पष्ट आहे : देणारा वर, घेणारा खाली. निजामाने वऱ्हाडाबाबत ‘रेस्टिट्यूशन’ मागितले, म्हणजे हिरावलेली वस्तू हक्काने परत. १८५३ मध्ये फौजेच्या खर्चापोटी गेलेला वऱ्हाड १९०२ मध्ये सालिना पंचवीस लाख रुपयांवर कायमच्या पट्ट्याने इंग्रजांकडे राहिला. १९२६ मध्ये लॉर्ड रीडिंग यांनी निजामाची मागणी धुडकावली. पुढे १९३६ मध्ये तडजोड झाली. निजामाचे सार्वभौमत्व मान्य करण्यात आले, युवराजाला ‘प्रिन्स ऑफ बेरार’ ही पदवी मिळाली, आणि कारभार होता तसाच मध्य प्रांताबरोबर चालू राहिला. मुलूख परत मिळाला तो बिरुदात. याला काय म्हणावयाचे? ‘निर्विलीनीकरण’ म्हटले तर जे घडले नाही ते घडल्यासारखे होते. नाही म्हटले तर करारातील अक्षरांचा अपलाप होतो. अमरावती-अकोल्याच्या रयतेला या पत्रव्यवहारात कोणी विचारले नव्हते, ही गोष्ट तर कोणत्याच शब्दात मावत नाही.

हाच न्याय सीमाप्रश्नाला लावून पाहिला की या वादातील खरी जोखीम कळते. ‘बेळगाव परत मिळाले पाहिजे’ असे वाक्य मराठी भाषणांत आणि मराठी कवितांवरील लेखांतही सहज येते. ‘परत’ हा शब्द एक पूर्वस्थिती गृहीत धरतो. बेळगाव आणि कारवार १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत मुंबई राज्यात होते, त्यामुळे तेथे ‘परत’ला काही आधार आहे, पण महाराष्ट्र राज्य १९६० चे, तेव्हा त्या राज्याकडे ‘परत’ हा शब्द लाक्षणिकच राहतो. आणि त्याच घोषणेतील बिदर-भालकीचे काय? ती हैदराबाद राज्यात होती. तेथे ‘परत’ म्हणणे हे व्याकरणाने केलेले अतिक्रमण आहे. तेथील मराठी माणसाचा दावा त्यामुळे कमजोर होत नाही. भाषेच्या आणि लोकेच्छेच्या आधारावर तो पूर्ण बळाने उभा राहतो. फक्त त्याचा शब्द ‘सामील’ हा आहे, ‘परत’ नव्हे. डिसेंबर २०२२ मध्ये महाराष्ट्र विधिमंडळाने ८६५ गावांबाबत ठराव केला तेव्हा या सर्व भिन्न इतिहासांवर एकच आकडा पसरला. राजकारणाला आकडा लागतो, हे समजण्यासारखे आहे. समीक्षेला तो कशाला लागावा?

सोलापूरकडून पाहिले तर चित्र आणखी उलटते. १९६७ च्या महाजन अहवालाने अक्कलकोट तालुका आणि दक्षिण सोलापूरचा काही भाग तेव्हाच्या म्हैसूर राज्याला द्यावा, अशी शिफारस केली. महाराष्ट्राने अहवाल फेटाळला. अक्कलकोट आधी सातारच्या छत्रपतींचे जहागीरदार, सातारा खालसा झाल्यावर इंग्रजांचे मांडलिक संस्थान, १९४८ पासून मुंबई प्रांतात, १९६० पासून महाराष्ट्रात. ते म्हैसूरला ‘परत’ देण्याची भाषा कोणी करू धजला असता तर मराठी समीक्षकाने ती क्षणात उघडी पाडली असती. तीच कसोटी स्वतःच्या बाजूच्या शब्दाला लावण्याचे धैर्य येथे अपेक्षित आहे. २०२२ च्या अखेरीस पाणी आणि रस्ते यांच्या तक्रारींतून अक्कलकोट आणि जत भागातील काही सीमावर्ती गावांनी ‘आम्ही कर्नाटकात जाऊ’ असा इशारा दिला. येथे पुन्हा ‘जाणे’ आले, पण हे ‘जाणे’ वेगळे. ‘गाव हद्दवाढीत गेले’ यातील भूतकाळ हतबल आहे. ‘आम्ही जाऊ’ यातील भविष्यकाळाला कर्ता आहे, आणि तो प्रथमपुरुषी, बहुवचनी आहे. राज्यघटनेचे तिसरे कलम अशा कर्त्याला ओळखत नाही. सीमा बदलते ती संसद, विधानसभेचे मत फक्त मागवले जाते, आणि गावाला तेही विचारले जात नाही. व्याकरणात कर्ता आणि घटनेत अनुपस्थित, अशा या ‘आम्ही’ची घुसमट हाच सीमाभागाच्या साहित्याचा विषय आहे. ‘विसामीलीकरणाची आकांक्षा’ असे तिचे नामकरण केले की ती एखाद्या खात्याच्या टिपणीसारखी दिसू लागते.

यावर एक गंभीर उत्तर संभवते. तुलनेसाठी तटस्थ संज्ञा लागते. वऱ्हाड, बेळगाव आणि शेळगी एका चौकटीत पाहावयाचे तर प्रत्येक ठिकाणच्या बोलीत अडकून चालणार नाही. आक्षेप खरा आहे, उपाय चुकीचा. ‘करण’ने संपणाऱ्या नामांची तटस्थता ही कर्ता गाळून मिळवलेली असते. ‘निर्विलीनीकरण झाले’ : कोणी केले, कोणासाठी, कोणाला विचारून, हे प्रश्न वाक्यातूनच हद्दपार होतात. प्रशासनाला अशी नामे प्रिय असतात, ती याच कारणासाठी. तुलनेची चौकट हवी असेल तर ती प्रश्नांची असावी : प्रदेश सोडणारा कोण, त्याचा वरचा हक्क उरतो की नाही, कोणत्या काळापासून ‘परत’ मोजायचे, तेथे राहणाऱ्याला क्रियापद मिळते की नाही. या प्रश्नांसह ‘दुमाला’, ‘मोकळीक’, ‘परत’, ‘वगळणे’ हे शब्द शेजारी ठेवले तर तुलना आपोआप होते, आणि कोणाचा इतिहास चिरडला जात नाही.

एवढ्यावरही उपसर्गाचा आग्रह सुटत नसेल, तर कल्याण-डोंबिवलीच्या २७ गावांवर तो चालवून पाहावा. १९८३ मध्ये ती महापालिकेत आली, २००२ मध्ये वगळली गेली, २०१५ मध्ये पुन्हा समाविष्ट झाली. २०२० मध्ये त्यांतील १८ पुन्हा वगळण्याची अधिसूचना निघाली आणि त्याच वर्षी उच्च न्यायालयाने ती रद्द ठरवली. ‘निर्’वर ‘पुनर्’ आणि त्यावर पुन्हा ‘निर्’ चढवीत गेले तर शब्द गावाच्या वेशीबाहेर जाईल. मराठी वृत्तपत्रांनी मात्र ‘वगळलेली गावे’ आणि ‘समाविष्ट गावे’ एवढ्या दोन शब्दांत हा सारा प्रवास निभावून नेला.

सोलापुरात तर तेवढेही लागले नाही. १९९२ ला तीन दशके उलटून गेली, तेव्हा जन्मलेली मुले कर्ती झाली, तरी भवानी पेठेतला माणूस पलीकडच्या वस्तीला अजून ‘हद्दवाढ भाग’ म्हणतो, आणि पलीकडचा माणूस कामाला निघताना ‘शहरात जाऊन येतो’ म्हणतो.