शून्ये मोजा, भिऊ नका



गेल्या आठवड्यात वस्तीतली नववीची एक मुलगी वही घेऊन आमच्याकडे आली. उदाहरण असे होते : प्रकाश एका सेकंदात सुमारे ३ × १० (घात ८) मीटर जातो. सूर्याचा प्रकाश पृथ्वीवर यायला सुमारे ५ × १० (घात २) सेकंद लागतात. तर सूर्य किती दूर आहे? तिच्या उत्तरावर लाल फुली होती. ‘दहावी झाली की गणित सोडणार,’ असे ती म्हणाली. वडील रात्रपाळीला, आई घरकामाला. दोघांचे म्हणणे एकच, ‘आम्हाला यातले काय कळते?’

आम्ही म्हणतो, कळते. बचत गटाचा हिशेब ठेवणाऱ्या भगिनींना तर नक्की कळते.

मुलांच्या वहीत घाताचा आकडा दहाच्या डोक्यावर बारीक लिहिलेला असतो. इथे आम्ही तो कंसात लिहिला आहे. १० (घात ८) म्हणजे एकावर आठ शून्ये. म्हणून ३ × १० (घात ८) म्हणजे तीस कोटी. विज्ञानात संख्या फार मोठ्या असतात. शून्ये लिहिता लिहिता एखादे गळते, म्हणून ही सोय.

आता गुणाकार. शंभराच्या हजार नोटा म्हणजे किती रुपये? एक लाख. शंभरावर दोन शून्ये, हजारावर तीन, लाखावर पाच. शून्यांची बेरीज झाली. सगळा नियम एवढाच : पुढच्या आकड्यांचा गुणाकार करा आणि घातांची बेरीज करा.

३ × ५ = १५. ८ + २ = १०. उत्तर १५ × १० (घात १०). पण पुढचा आकडा एक किंवा त्याहून मोठा आणि दहापेक्षा लहान हवा, अशी शिस्त आहे. म्हणून १५ चे १.५ करायचे. आकडा दहा पटीने लहान केला, तर घात एकाने वाढवायचा : १.५ × १० (घात ११) मीटर. म्हणजेच पंधरा कोटी किलोमीटर.

त्या मुलीने ८ आणि २ यांचा गुणाकार करून घात १६ लिहिला होता. चूक लहान दिसते, पण तिने सूर्य दहा लाख पट दूर गेला! तसे असते तर त्याचा प्रकाश पोहोचायला आठ मिनिटांऐवजी जवळपास सोळा वर्षे लागली असती. हे सांगितल्यावर ती हसली आणि तिने स्वतः फुलीखाली बरोबर उत्तर लिहिले.

घात उणे असला तरी नियम तोच. कागदाच्या एका तावाची जाडी सुमारे १ × १० (घात उणे ४) मीटर असते. रिमात ५ × १० (घात २) ताव असतात. चार रुपयांची उधारी होती, दोन फेडले, दोन उरले : उणे ४ अधिक २ म्हणजे उणे २. रिमाची जाडी ५ × १० (घात उणे २) मीटर, म्हणजे पाच सेंटिमीटर. पट्टी लावून पाहा.

गणित सुटले की आयटीआय, डिप्लोमा, विज्ञान शाखा यांच्या वाटा अवघड होतात. एका बेरजेच्या चुकीपायी मुलांनी त्या सोडू नयेत. आज रात्री जेवणानंतर मुलांना जवळ बसवा आणि हे उदाहरण घाला : हृदयाचे ठोके मिनिटाला ७ × १० (घात १), दिवसाची मिनिटे १.४४ × १० (घात ३). दिवसाचे ठोके किती? उत्तर एक लाखाच्या थोडे वर आले, तर मुलाची पाठ थोपटा. नाही आले, तर रागावू नका. शेजारी बसून शून्ये मोजा.