निकिया, बर्नबास आणि आपली अमानत

आपल्या वक्त्यांच्या भाषणांत, उर्दू पुस्तिकांत आणि आता मोबाईलवर फिरणाऱ्या चित्रफितींत एक गोष्ट हमखास ऐकायला मिळते. इ.स. ३२५ मध्ये रोमन बादशहा कॉन्स्टंटाइनने निकिया या गावी पाद्र्यांना जमवले. तिथे शेकडो इंजीलींचा ढीग होता. मतदान झाले, चार इंजीली ठेवल्या आणि बाकीच्या जाळून टाकल्या. त्याच मतदानात हजरत ईसा (अ.स.) यांना खुदा ठरवले गेले. तोवर सगळे ख्रिस्ती आपल्यासारखेच तौहीद मानणारे होते. वक्ता एवढे बोलला की श्रोत्यांतून 'सुबहानल्लाह'चा आवाज येतो आणि विषय संपतो.

गोष्ट सुटसुटीत आहे आणि आपल्या सोयीची आहे. अडचण इतकीच, की ती अशी घडलेलीच नाही. एखादा तपशील इकडचा तिकडे झाला असता तर मी गप्प बसलो असतो. पण ही गोष्ट आपण दीनच्या नावाने, मिंबरवरून आणि मुलांसमोर सांगतो. म्हणून ती तपासणे भाग आहे.

निकिया म्हणजे आजच्या तुर्कस्तानातले इझनिक. २०२५ साली तिथल्या परिषदेला १७०० वर्षे पूर्ण झाली. परिषद बोलावण्याचे कारण ग्रंथ निवडणे हे नव्हते. इजिप्तमधल्या अलेक्झांड्रिया शहरात एरियस नावाचा एक धर्मगुरू होता. त्याचे म्हणणे असे, की पित्याने पुत्राला अस्तित्व दिले, म्हणजे पुत्राला सुरुवात आहे. तो पित्यासारखा अनादी नाही. त्याचा बिशप अलेक्झांडर म्हणत होता, की पुत्र पित्याइतकाच अनादी आहे. वाद शहराबाहेर पसरला आणि पूर्वेकडच्या चर्चमध्ये तट पडले. कॉन्स्टंटाइन ३२४ मध्ये साऱ्या साम्राज्याचा एकटा धनी झाला होता. राज्य एक झाले आणि धर्मगुरू मात्र भांडताहेत, हे त्याला नको होते. म्हणून त्याने बिशपांना बोलावले.

परिषदेने काय ठरवले, ते आज उपलब्ध आहे. तिने श्रद्धेचा एक मसुदा मंजूर केला आणि त्यात पुत्र पित्याशी 'एकतत्त्व' आहे असा शब्द घातला. ईस्टर सण सगळ्यांनी एकाच दिवशी पाळावा असे ठरवले. शिवाय वीस नियम केले. त्यातला एक नियम तर आपल्या वाचकांना ओळखीचा वाटेल: धर्मगुरूंनी व्याज घेऊ नये. रविवारी प्रार्थना उभ्याने करावी, असाही एक नियम आहे. पण कोणते ग्रंथ ठेवायचे आणि कोणते टाकायचे याची यादी या निर्णयांत कुठेही नाही. मसुद्यावर सही करायला शेवटपर्यंत नकार देणारे बिशप दोनच होते. त्यांना एरियससह हद्दपार करण्यात आले.

मग ढिगाची गोष्ट आली कुठून? तिचे मूळ नवव्या शतकाच्या अखेरच्या एका ग्रीक संकलनात सापडते, म्हणजे परिषदेनंतर साडेपाचशे वर्षांनी. त्यात म्हटले आहे, की निकियात सगळे ग्रंथ वेदीपाशी ठेवून प्रार्थना केली गेली, तेव्हा खरे ग्रंथ वर राहिले आणि खोटे खाली गेले. अठराव्या शतकात फ्रान्सच्या व्होल्तेअरने चर्चची थट्टा करण्यासाठी ही कथा वापरली. पुढे २००३ साली 'द दा विंची कोड' ही डॅन ब्राउनची कादंबरी आली. तिच्यातल्या एका पात्राच्या तोंडी कॉन्स्टंटाइनने बायबल कसे घडवले याचे भाषण आहे. कादंबरी जगभर खपली, तिच्यावर सिनेमा निघाला आणि ही समजूत घरोघर पोहोचली. म्हणजे आपण मिंबरवरून जी 'तारीख' सांगतो, तिची सनद एका दंतकथेपासून एका कादंबरीपर्यंत जाते. हदीसच्या इल्ममध्ये असा रावी कोणी क्षणभर तरी उभा केला असता का?

ग्रंथांची निवड प्रत्यक्षात हळूहळू आणि बरीच विस्कळीतपणे झाली. इ.स. १८० च्या सुमारास इरेनियस नावाचा बिशप चारच शुभवर्तमाने मानावीत असे आग्रहाने लिहितो. म्हणजे मत्तय, मार्क, लूक आणि योहान ही चार नावे निकियाच्या दीडशे वर्षे आधी पक्की होत आली होती. चौथ्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासकार युसेबियस ग्रंथांचे गट पाडतो: सर्वमान्य, वादातले आणि नाकारलेले. याकोबाचे पत्र, पेत्राचे दुसरे पत्र ही वादातली होती. नव्या करारातली आजची बरोबर सत्तावीस पुस्तके असलेली सर्वांत जुनी ज्ञात यादी अथानासियसच्या एका पत्रात येते. त्याचे साल आहे ३६७, म्हणजे निकियानंतर बेचाळीस वर्षे. निकियात जर यादी ठरली असती, तर या पत्राची गरजच पडली नसती. लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत चौथ्या शतकातली जी प्रसिद्ध सिनाय प्रत आहे, तिच्यात आजच्या बायबलमध्ये नसलेली दोन पुस्तकेही आहेत.

आता ईसांना 'खुदा ठरवण्या'बद्दल. पौलाची पत्रे साधारण इ.स. ५० ते ६० या काळातली आहेत. त्यांपैकी फिलिप्पैकरांना लिहिलेल्या पत्रात ख्रिस्ताला देवस्वरूप म्हटले आहे. इ.स. ११२ च्या सुमारास प्लिनी हा रोमन सुभेदार बादशहा त्राजानला कळवतो, की हे ख्रिस्ती लोक पहाटे जमून ख्रिस्ताला देव मानून स्तोत्र गातात. प्लिनी ख्रिस्ती नव्हता, उलट तो त्यांना शिक्षा देणारा अधिकारी होता. त्याला खोटे लिहून काही मिळायचे नव्हते. तेव्हा ही श्रद्धा बरोबर की चूक, हा अकीद्याचा प्रश्न आहे. त्यावर कुरआनची भूमिका स्पष्ट आहे आणि माझी तीच आहे. पण ही श्रद्धा ३२५ साली जन्मली का, हा इतिहासाचा प्रश्न आहे. त्याचे उत्तर 'नाही' असे आहे. आपला अकीदा या तारखेवर मुळीच अवलंबून नाही, तर मग चुकीच्या तारखेला आपण एवढे चिकटून का बसतो?

एरियसला 'त्या काळचा मुसलमान' म्हणण्याची पद्धतही सोडायला हवी. एरियसचा पुत्र हा साऱ्या सृष्टीच्या आधी निर्माण झालेला आणि ज्याच्याद्वारे सृष्टी निर्माण झाली असा आहे. आपण हजरत ईसांना मरयमच्या पोटी जन्मलेले बंदे आणि रसूल मानतो. या दोन गोष्टी एक नाहीत. एरियस आज असता तर त्याने आपल्याशीही वाद घातला असता.

यात सत्तेचा हात नव्हता, असे मी म्हणत नाही. कॉन्स्टंटाइनने नंतर एरियसची पुस्तके जाळण्याचा हुकूम काढला होता, हे खरे आहे. जाळण्याची गोष्ट बहुधा इथूनच इंजीलींना चिकटली असावी. पण पुढचा भागही सांगायला हवा. त्याच बादशहाने एरियसला परत बोलावले आणि निकियाचा कट्टर समर्थक अथानासियस याला हद्दपार केले. ३३७ मध्ये मरणशय्येवर त्याने बाप्तिस्मा घेतला, तो एरियसच्या बाजूच्या बिशपाकडून. त्याचा मुलगा कॉन्स्टँशियस तर उघडपणे निकियाविरोधी गटाचा पाठीराखा होता. अथानासियसला आयुष्यात पाच वेळा हद्दपार व्हावे लागले. निकियाची बाजू साम्राज्यात पक्की झाली ती ३८१ च्या कॉन्स्टँटिनोपलच्या परिषदेनंतर. छप्पन्न वर्षे चाललेली ही ओढाताण 'एका बादशहाने एका बैठकीत धर्म बदलला' या वाक्यात बसत नाही.

दुसरा मुद्दा 'बर्नबासच्या इंजील'चा. आपल्याकडे हिचे उर्दू तर्जुमे निघाले आणि आजही भेट म्हणून दिले जातात. हिची जुनी प्रत इटालियन भाषेत आहे, ती व्हिएन्नात ठेवलेली आहे. रॅग दांपत्याने १९०७ मध्ये तिचा इंग्रजी अनुवाद छापला आणि लगेच कैरोत अरबी अनुवाद आला. या पुस्तकात हजरत ईसा होडीत बसून नासरेथला जातात. नासरेथ डोंगरातले गाव आहे, तिथे होडी जात नाही. त्यात जुबिलीचे वर्ष शंभर वर्षांनी येते असे म्हटले आहे. तौरातमध्ये ते पन्नास वर्षांनी आहे. शंभर वर्षांची कल्पना पोप बोनिफेस यांनी १३०० साली काढली. म्हणजे लेखक मध्ययुगीन युरोपातला आहे. आणि सर्वांत मोठी गोष्ट: या पुस्तकात ईसा म्हणतात की मी मसीह नाही, मसीह म्हणजे मुहम्मद (स.). कुरआन तर हजरत ईसांनाच वारंवार मसीह म्हणतो. हे पुस्तक खरे मानले तर कुरआनला खोटे पाडावे लागेल. आपल्या बाजूने बोलते म्हणून ते पुस्तक आपण हातात घेतले, पण उघडून वाचले नाही.

तिसरी सवय अर्धे उद्धृत करण्याची. बार्ट एहरमन या अमेरिकन अभ्यासकाचे नाव आपल्याकडे मोठ्या कौतुकाने घेतले जाते, कारण बायबलच्या हस्तलिखितांत नकलाकारांनी फेरफार केले हे त्यांनी सामान्य वाचकांना समजावून सांगितले. पण ईसांना सुळावर दिले गेले हे इतिहासातल्या सर्वांत पक्क्या सत्यांपैकी एक आहे, असेही तेच एहरमन सांगतात. ईसांच्या देवत्वाची श्रद्धा त्यांच्या अनुयायांत फार लवकर आली, निकियाच्या कितीतरी आधी, हेही त्यांनी २०१४ च्या पुस्तकात मांडले आहे. ज्या अभ्यासकाला साक्षीदार म्हणून बोलावता, त्याची साक्ष पूर्ण ऐकावी लागते. त्याचे मत आपल्याला मान्य नसेल तर तसे सांगावे, कारणही सांगावे. त्याचे अर्धे वाक्य कापून घेणे ही खियानत आहे.

कोणी म्हणेल, 'मास्तर, मुसलमान असून चर्चची वकिली कशाला?' वकिली नाही. आपल्याला सांगण्यासारखे खरे मुद्दे भरपूर आहेत. मार्कच्या शुभवर्तमानाच्या शेवटच्या बारा ओळी सिनाय प्रतीत आणि व्हॅटिकनच्या प्रतीत नाहीत. योहानाच्या पहिल्या पत्रातले त्रैक्याचे प्रसिद्ध वाक्य जुन्या ग्रीक हस्तलिखितांत सापडत नाही. हे ख्रिस्ती अभ्यासकच मान्य करतात आणि आजच्या बायबलांत तशा तळटीपा असतात. १८५४ मध्ये आग्र्यात मौलाना रहमतुल्लाह कैरानवी आणि पादरी फंडर यांच्यात मुनाझरा झाला, तेव्हा मौलानांचे सोबती डॉक्टर वझीर खान यांनी युरोपातल्या विद्वानांची पुस्तके अभ्यासली होती. त्यांनी त्यांच्याच घरचे पुरावे मांडले, म्हणून फंडर यांना काही ठिकाणी पाठात बदल शिरल्याचे कबूल करावे लागले. आपण वारसा त्या मौलानांचा सांगतो आणि मजकूर मात्र कादंबरीतला वापरतो.

त्याहून जुना दाखला अल-बिरूनीचा. हजार वर्षांपूर्वी हिंदुस्थानावर ग्रंथ लिहिताना त्याने सुरुवातीलाच सांगितले, की हे पुस्तक वादासाठी नाही, हिंदूंचे म्हणणे ते जसे मांडतात तसे मी मांडणार. त्यासाठी तो संस्कृत शिकला. शेजाऱ्याचा धर्म शेजाऱ्याच्या तोंडून ऐकायचा, ही आपल्याच घराण्याची रीत आहे. मराठीत तर हे सोपे आहे. फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांचे 'सुबोध बायबल' मराठीतच आहे. आपल्यातल्या किती वक्त्यांनी ते उघडून पाहिले आहे?

आता उलट्या बाजूने विचार करा. हजरत उस्मान (रजि.) यांनी कुरआनच्या प्रमाण प्रती तयार करून बाकीच्या प्रती जाळायला सांगितल्या, हे आपल्याच हदीसच्या किताबांत आहे. त्यावरून कोणी 'बघा, खलिफाने नवा कुरआन बनवला' असे म्हटले की आपण खवळतो आणि योग्यच खवळतो. आपण सांगतो: आधी संदर्भ वाचा, त्या काळी हाफिज किती होते ते पाहा, जुनी हस्तलिखिते पाहा. आपल्या इतिहासाबद्दल असेच अर्धवट मजकूर या देशात रोज पसरवले जातात आणि त्याची किंमत आपण गल्लीत, नोकरीत आणि भाड्याचे घर शोधताना मोजतो. स्वतःसाठी जे माप मागतो, तेच माप दुसऱ्याला द्यायला हवे. कुरआनने याबाबत पळवाट ठेवलेली नाही. सूरह माइदाची आठवी आयत सांगते, की एखाद्या समाजाशी वैर असले तरी त्याच्याशी अन्यायाने वागू नका. सूरह हुजुरातची सहावी आयत आलेली खबर आधी तपासायला सांगते.

शिक्षक म्हणून मला सर्वांत जास्त काळजी मुलांची वाटते. आज दहावीतल्या मुलाच्या हातातही मोबाईल आहे. मदरशात किंवा इज्तिमात ऐकलेली निकियाची गोष्ट तो शोधून पाहील आणि पाच मिनिटांत त्याला कळेल की ती खोटी आहे. मग त्याच वक्त्याने नमाजबद्दल, आखिरतबद्दल जे सांगितले, त्यावर तो किती विश्वास ठेवील? खोट्या पुराव्याने ख्रिस्ती माणसाचा अकीदा बदलत नाही, आपल्याच मुलाचा मात्र डळमळतो.

म्हणून वक्त्यांना आणि पोस्ट पुढे पाठवणाऱ्यांना एवढीच विनंती आहे. निकियाचे नाव घेण्याआधी त्या परिषदेचे वीस नियम वाचा. बर्नबासची इंजील वाटणे थांबवा. ज्या ख्रिस्ती शेजाऱ्याशी बोलायचे, त्याला आधी विचारा की तो काय मानतो. आपण जे मानतो, ते कुरआनच्या आधारावर सरळ सांगा. त्यासाठी कॉन्स्टंटाइनच्या साक्षीची गरज नाही.