मौनातून वसूल होणारी वर्गणी

वडोदऱ्याच्या जुन्या शहरातील नागरवाड्यात माझ्या आत्याचे घर आहे. गायकवाडांच्या राजवटीत त्या शहरात स्थिरावलेल्या असंख्य मराठी कुटुंबांपैकी तिचे सासर एक. आत्या निवृत्त शिक्षिका. दूधवाल्यापासून विजेच्या देयकापर्यंत प्रत्येक खर्च वहीत मांडायचा आणि महिन्याच्या शेवटी तो पासबुकाशी ताडून पाहायचा, हा तिचा अनेक वर्षांचा शिरस्ता. मधल्या आजारपणामुळे तो काही महिने मोडला होता. मे महिन्याच्या अखेरीस गोव्याहून तिच्याकडे गेलो, तेव्हा तिने नुकतेच भरून आणलेले पासबुक माझ्यापुढे ठेवले. त्यातील एक नोंद तिच्या वहीत कोठेच बसत नव्हती. दर आठवड्याला १९९ रुपये वजा झाले होते. अशा नोंदी मोजल्या, तर त्या २८ भरल्या. एकूण रक्कम ५,५७२ रुपये.

उलगडा व्हायला फार वेळ लागला नाही. नोव्हेंबरमध्ये निवृत्तिवेतनाची काही कागदपत्रे मुलाला पाठवण्यासाठी तिने मोबाइलवर कागद स्कॅन करण्याचे एक ॲप घेतले होते. ‘तीन दिवस मोफत’ असे त्यावर ठळक अक्षरांत लिहिलेले होते. पडताळणीसाठी एक रुपया भरा, असे सांगितले गेले आणि तिने यूपीआयचा पिन टाकला. काम झाल्यावर दुसऱ्याच दिवशी ॲप मोबाइलवरून काढूनही टाकले. “अरे, मी ते काढून टाकलं होतं ना! मग पैसे कशाचे गेले?” हा तिचा प्रश्न अगदी साधा होता. उत्तर तितके साधे नाही. ॲप काढून टाकल्याने वर्गणी बंद होत नाही. एका रुपयाच्या वेळी टाकलेला पिन हा त्या एका रुपयापुरता नव्हता. पुढील प्रत्येक आठवड्याची वसुली करण्याची ती कायमस्वरूपी परवानगी होती.

विशेष म्हणजे या व्यवहारात बँकेचा नियम कोठेही मोडला गेला नव्हता. प्रत्येक वसुलीच्या आदल्या दिवशी एक आणि वसुलीनंतर एक असे इंग्रजी संदेश तिच्या मोबाइलवर येऊन पडलेले होते. कर्जाच्या जाहिराती, सवलतींची आमिषे आणि ओटीपी यांच्या गर्दीत ते तिने वाचले नव्हते. नियमांचे पालन पूर्ण झाले होते आणि तरीही एका सावध स्त्रीचे साडेपाच हजार रुपये तिच्या नकळत गेले होते. या विसंगतीचा विचार करणे आवश्यक आहे, कारण नागरवाड्यातील ही गोष्ट म्हापसा, फोंडा वा काणकोण येथील कोणत्याही घरात घडू शकते.

‘वर्गणी’ हा शब्द मराठी माणसाच्या ओळखीचा. ग्रंथालयाची वर्गणी, मासिकाची वर्गणी, गणेशोत्सवाची वर्गणी. या सर्वांत एक गोष्ट समान असे. मुदत संपली की वर्गणी आपोआप संपे. मासिकाच्या वेष्टनावर ‘आपली वर्गणी या अंकाबरोबर संपत आहे’ असा शिक्का येई आणि वाचकाला पुढे चालू ठेवायची असेल, तर तो मनीऑर्डर करी. काहीच केले नाही, तर नातेही तेथेच थांबत असे. नव्या सॉफ्टवेअर वर्गणीने हा क्रम उलटा केला आहे. आता काहीच केले नाही, तर वर्गणी चालू राहते. थांबवण्यासाठी मात्र ग्राहकाने आठवण ठेवून, जागा शोधून, कृती करावी लागते. ग्राहकाच्या मौनाचा अर्थच बदलला आहे.

हा बदल एका दिवसात झालेला नाही. पूर्वी सॉफ्टवेअर एकदाच विकत घ्यायचे आणि हवे तितकी वर्षे वापरायचे. मायक्रोसॉफ्टने २०११ मध्ये ‘ऑफिस ३६५’ आणले आणि ॲडोबीने मे २०१३ मध्ये आपली छायाचित्रण व मांडणीची साधने यापुढे केवळ वर्गणीवर देण्याचे जाहीर केले. या पद्धतीचे काही लाभ निर्विवाद आहेत. एकरकमी मोठा खर्च करावा लागत नाही, सुधारित आवृत्ती मिळत राहते, सुरक्षेतील त्रुटी वेळीच दुरुस्त होतात. लहान छापखान्याला किंवा छायाचित्रकाराला महागडे सॉफ्टवेअर मासिक हप्त्यात परवडू लागले, हेही खरे. आक्षेप वर्गणीला नाही. जो ग्राहक सेवा वापरत नाही, ज्याला ती चालू असल्याचे ठाऊकही नाही, त्याच्याकडून होणाऱ्या वसुलीवर जेव्हा नफा उभा राहतो, तेव्हा आक्षेप सुरू होतो.

भारतात या प्रश्नाची दखल इतर अनेक देशांच्या आधी घेतली गेली, हे रिझर्व्ह बँकेचे श्रेय मान्य करावे लागेल. २१ ऑगस्ट २०१९ च्या परिपत्रकाने कार्डावरून होणाऱ्या आवर्ती वसुलीसाठी ‘ई-मँडेट’ची चौकट घालून दिली; जानेवारी २०२० मध्ये ती यूपीआयलाही लागू झाली. परवानगी नोंदवताना पिन किंवा ओटीपीसारखी अतिरिक्त पडताळणी, प्रत्येक वसुलीच्या किमान २४ तास आधी व्यापाऱ्याचे नाव आणि रक्कम सांगणारी सूचना, वसुलीनंतर पुन्हा संदेश, आणि परवानगी केव्हाही मागे घेण्याची मुभा, ही त्या चौकटीची मुख्य कलमे. या सोयीसाठी ग्राहकाकडून शुल्क घेण्यासही मनाई आहे. बँका आणि कंपन्यांनी वेळ मागितल्याने ही व्यवस्था १ ऑक्टोबर २०२१ पासून सक्तीने अमलात आली. त्या सुमारास अनेकांच्या परदेशी वर्गण्या अडकल्या आणि बरीच कुरकुर झाली.

त्यानंतर मर्यादा मात्र वाढत गेली. दर वेळी ओटीपी न मागता वसूल करता येणारी रक्कम प्रारंभी २,००० रुपये होती. ती २०२१ च्या आरंभी ५,००० आणि जून २०२२ मध्ये १५,००० झाली. विमा हप्ता, म्युच्युअल फंड आणि क्रेडिट कार्डाचे देयक यांसाठी डिसेंबर २०२३ पासून ती एक लाख आहे. विम्याचा हप्ता चुकून पॉलिसी बंद पडू नये, यासाठी ही वाढ समजण्यासारखी आहे. परंतु सर्वसामान्य घरात वापरल्या जाणाऱ्या बहुतेक सॉफ्टवेअरची वार्षिक वर्गणीही १५,००० च्या आत बसते. म्हणजे ग्राहकाने एकदाच होकार द्यायचा आणि पुढची सगळी वर्षे केवळ संदेश वाचत राहायचे. त्यात आणखी एक बारकावा आहे. परवानगी ठरावीक रकमेची देता येते, तशीच बदलत्या रकमेची, कमाल मर्यादा घालून, देता येते. १९९ रुपयांच्या वर्गणीसाठी कित्येकदा कमाल रक्कम हजारोंची दाखवलेली असते आणि घाईत पिन टाकणारा ती पाहत नाही. उद्या दर वाढला, तरी नव्याने विचारण्याची गरज उरत नाही.

अनधिकृत व्यवहार तीन कामकाजी दिवसांत कळवल्यास ग्राहकावर भार न टाकण्याची तरतूद ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकात आहे. पण ती त्रयस्थाने केलेल्या फसवणुकीसाठी. आत्याच्या बाबतीत पिन तिनेच टाकला होता. बँकेच्या दृष्टीने २८ ही व्यवहार अधिकृत ठरतात. येथे बँकिंगचा नियम संपतो आणि ग्राहक कायद्याचा प्रांत सुरू होतो.

त्या प्रांतातही कायदा मुका नाही. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ३० नोव्हेंबर २०२३ रोजी ‘डार्क पॅटर्न’ म्हणजे ग्राहकाला चकवणाऱ्या रचनांविरुद्ध मार्गदर्शक तत्त्वे अधिसूचित केली. त्यांत अशा तेरा रचनांची यादी आहे. वर्गणीचा सापळा ही त्यांतील एक. रद्द करण्याचा पर्याय लपवणे, ती प्रक्रिया अकारण लांबवणे किंवा मोफत सेवेसाठी खात्याचा तपशील सक्तीने मागणे हे तिच्यात येते. सॉफ्टवेअर सेवेच्या वसुलीसाठी तर स्वतंत्र कलमच आहे. मोफत अवधी संपून सशुल्क सेवा सुरू झाल्याचे न कळवणे, गाजावाजा न करता खात्यातून पैसे वळते करणे, न वापरलेल्या सुविधांचे पैसे आकारणे, ही सारी त्यातील उदाहरणे. नागरवाड्यातील प्रसंग जणू समोर ठेवूनच हे कलम लिहिले असावे, असे वाटावे इतके ते नेमके आहे.

प्रश्न अंमलबजावणीचा आहे. जून २०२५ मध्ये प्राधिकरणाने ऑनलाइन व्यापारी मंचांना तीन महिन्यांत स्वतःची तपासणी करून आपल्याकडे अशा रचना नसल्याची खात्री करण्याचा सल्ला दिला. विद्यार्थ्यानेच आपली उत्तरपत्रिका तपासावी, अशातला हा प्रकार. शिवाय ज्या छोट्या, परदेशात नोंदलेल्या ॲप कंपन्या आठवड्याच्या हिशेबाने वसुली करतात, त्यांच्यापर्यंत असा सल्ला पोहोचतो तरी का, हा प्रश्न उरतोच.

अन्य देशांचा अनुभवही बोधप्रद आहे. जर्मनीत १ जुलै २०२२ पासून संकेतस्थळावर वर्गणी घेता येत असेल, तर ती रद्द करण्याचे बटणही तेथेच स्पष्टपणे देणे बंधनकारक आहे. अमेरिकेत फेडरल ट्रेड कमिशनने ऑक्टोबर २०२४ मध्ये असाच नियम केला. मात्र तो पूर्ण अमलात येण्याआधीच जुलै २०२५ मध्ये अपील न्यायालयाने प्रक्रियेतील त्रुटीवरून रद्दबातल ठरवला. तरीही आयोग थांबला नाही. वार्षिक करार मध्येच सोडल्यास लागणारे शुल्क दडवल्याचा आरोप ठेवून त्याने जून २०२४ मध्येच ॲडोबीविरुद्ध खटला भरला होता. ग्राहकांना संमतीविना प्राइमचे सदस्य करून घेतल्याच्या आणि सदस्यत्व रद्द करणे जिकिरीचे केल्याच्या आरोपावरून ॲमेझॉनने सप्टेंबर २०२५ मध्ये, दोष मान्य न करता, अडीच अब्ज डॉलरची तडजोड स्वीकारली. त्यांपैकी दीड अब्ज ग्राहकांना परत करण्यासाठी होते. सदस्यत्व रद्द करण्याच्या लांबलचक प्रक्रियेला कंपनीच्या आत ‘इलियड’ या ग्रीक महाकाव्याचे नाव होते, असे आयोगाच्या तक्रारीत नमूद आहे. नवा नियम कोसळला, तरी जुना कायदा निर्धाराने वापरता येतो, हा यातील धडा.

आपल्याकडे तो निर्धार अधिक आवश्यक आहे, कारण १९९ रुपयांसाठी कोणी ग्राहक आयोगाची पायरी चढत नाही. वसुली करणाऱ्यालाही हे ठाऊक असते. प्रत्येकाचे नुकसान लहान आणि एकूण कमाई प्रचंड, या गणितावरच हा व्यवहार चालतो. म्हणून एकेका ग्राहकाच्या चिकाटीवर विसंबून न राहता प्राधिकरणाने ग्राहकवर्गाच्या वतीने स्वतःहून चौकशी करावी आणि परतावा मिळवून द्यावा. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्याने तो अधिकार त्याला दिलेला आहे. रिझर्व्ह बँकेनेही दोन सुधारणांचा विचार करावा. मोफत अवधीनंतरच्या पहिल्या वसुलीला पुन्हा पिन लागावा. आणि पूर्वसूचना ग्राहकाने निवडलेल्या भाषेत, रद्द करण्याच्या दुव्यासह यावी. मराठीत किंवा कोकणीत आलेला एक संदेश आमच्या घरांतील ज्येष्ठांना बरेच काही वाचवून देईल.

तोवर ग्राहकाने काही गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. ॲप काढण्याआधी प्ले स्टोअर किंवा ॲपलच्या खात्यातील वर्गण्यांच्या यादीत जाऊन वर्गणी रद्द करावी. त्यानंतर यूपीआय ॲपमधील ऑटोपे किंवा मँडेटच्या यादीतून, कार्ड असल्यास बँकेच्या ई-मँडेट व्यवस्थेतून, परवानगीही मागे घ्यावी. रद्द केल्याच्या संदेशाचे छायाचित्र जपून ठेवावे. परताव्याची विनंती लगेच करावी. उशीर झाल्यास ती फेटाळली जाण्याचा संभव वाढतो. कंपनीने दाद न दिल्यास राष्ट्रीय ग्राहक साहाय्यता क्रमांक १९१५ वर तक्रार नोंदवता येते. बँकेने पूर्वसूचनाच दिली नसेल किंवा परवानगी रद्द केल्यानंतरही पैसे कापले असतील, तर आधी बँकेकडे लेखी तक्रार करावी आणि ३० दिवसांत समाधान न झाल्यास रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जावे. जिल्हा ग्राहक आयोगात आपण राहतो तेथेच तक्रार दाखल करता येते आणि पाच लाखांपर्यंतच्या मोबदल्याच्या प्रकरणांत शुल्क लागत नाही. उत्तर व दक्षिण गोव्यासाठी असे स्वतंत्र आयोग आहेत. मात्र इंटरनेटवर शोधून सापडलेल्या कोणत्याही ‘कस्टमर केअर’ क्रमांकावर फोन करू नये. परतावा देण्याच्या बहाण्याने खाते रिकामे करणारे भामटे तेथेच टपलेले असतात.

राज्य शासनालाही यात भूमिका आहे. नागरी पुरवठा व ग्राहक व्यवहार खाते, ग्रामपंचायती आणि ज्येष्ठ नागरिकांची मंडळे यांनी मिळून गावोगाव एक दुपार जरी ठेवली, प्रत्येकाचा मोबाइल उघडून चालू परवानग्यांची यादी दाखवली, तरी अनेकांना आपण कशाकशाचे पैसे भरत आहोत, हे प्रथमच कळेल. गोव्यासारख्या लहान राज्यात हे अशक्य नाही. ज्या घरांतील मुले परदेशी आहेत आणि आईवडील एकटेच मोबाइलशी झुंजत आहेत, त्या घरांना याची निकड अधिक.

आत्याची वर्गणी बंद करायला आम्हांला दोन मिनिटे लागली. परताव्याच्या विनंतीवर शेवटच्या आठवड्याचे १९९ रुपये परत आले. उरलेल्या २७ आठवड्यांबद्दल कंपनीने नियम दाखवला. १९१५ वर तक्रार नोंदवली आहे, तिचा निकाल यायचा आहे. निघताना पाहिले, तर आत्याने वहीत एक नवे पान काढले होते. ‘चालू परवानग्या’ असा मथळा, खाली दिनांक, रक्कम आणि मुदत यांचे रकाने. तिने हिशेब पुन्हा स्वतःच्या हाती घेतला. परंतु ज्यांना अशी वही ठेवणे जमत नाही, त्यांच्या मौनाला संमती मानणे थांबवण्याचे काम वहीचे नव्हे. ते कायदा राबवणाऱ्यांचे आहे.