खाणीचा परवाना आणि आपली पोच



आपल्या पनवेल तालुक्यात दगडाचे डोंगर आणि भातखाचरे शेजारी शेजारी आहेत. सुरुंगाने विहिरीला तडे जातात, धूळ आंब्याच्या मोहोरावर बसते. म्हणून जिल्हाधिकाऱ्यांनी खाणीचा परवाना नाकारला की आपण निर्धास्त होतो. पण अर्जदाराला उच्च न्यायालयाचे दार मोकळे असते.

खाणपट्टा मिळणे हा कोणाचा हक्क नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८१ साली हिंद स्टोन खटल्यात सांगितले. तरीही कारण न देता किंवा अर्जदाराचे म्हणणे न ऐकता नकार दिला असेल, तर न्यायालय तो रद्द करून फेरविचारासाठी परत पाठवू शकते. खाण असावी की नसावी, हे न्यायालय सहसा स्वतः ठरवत नाही. नकाराची कारणे फाइलीतल्या कागदांवर टिकतात का, ते पाहते.

तेव्हा आपले नुकसान आधीच त्या फाइलीत हवे. दर महिन्याला विहिरीचे पाणी दोरीने मोजून तारखेसह वहीत लिहा. पिकाचा पंचनामा मागून घ्या. ग्रामसभेचा ठराव करा. तक्रार लेखी द्या आणि शिक्क्याची पोच जपून ठेवा. चावडीवरची ओरड फाइलीत जात नाही.