१६०० मीटरच्या पुढचा रस्ता

मराठवाड्यातल्या सिल्लोडहून अजिंठ्याकडे जाणाऱ्या रस्त्याच्या कडेने पहाटे पोरं पळताना दिसतात. त्यातलं कोण पोलीस भरतीची तयारी करतंय आणि कोण सैन्याची, हे बघणाऱ्याला सांगता येत नाही. पुष्कळदा पळणाऱ्याचंही अजून ठरलेलं नसतं. अंतर दोन्हीकडे सारखंच, १६०० मीटर. फरक पडतो तो उंची मोजताना. पोलीस शिपायासाठी १६५ सेंटिमीटर पुरतात, सैन्याच्या जनरल ड्युटीसाठी महाराष्ट्रातल्या सर्वसाधारण उमेदवाराला १६८ लागतात. या तीन सेंटिमीटरवर अनेकांची वाट ठरते.

या पोरांच्या देशप्रेमाबद्दल शंका घ्यायचं कारण नाही. पण तेवढ्याने चित्र पुरं होत नाही. कोरडवाहू मका-कपाशीत दोन भावांचं भागत नाही. पुण्यात ठेवून शिकवायची घरच्यांची ऐपत नसते. सैन्यात जायला डोनेशन लागत नाही आणि वशिलाही लागत नाही. छाती, दम आणि दहावीपर्यंतचा अभ्यास लागतो. ज्याच्याकडे एवढंच भांडवल आहे, तो पहाटे उठून पळतो.

सातारा जिल्ह्यातल्या अपशिंगे गावाला लोक ‘अपशिंगे मिलिटरी’ म्हणतात. पहिल्या महायुद्धात या एका गावचे ४६ जवान कामी आले. कोल्हापूरकडचं सैनिक टाकळीही नावाजलेलं. अशा गावांच्या यादीत मराठवाड्याचं नाव सहसा येत नाही. त्यावरून ‘तिकडची माणसं लढाऊ, इकडची नाहीत’ असा निष्कर्ष काढणारे आजही भेटतात. तो साफ चुकीचा आहे.

मराठवाड्याचं नाव त्या यादीत नसण्याचं कारण इतिहासात आहे. सिल्लोडपासून जवळच, जालना जिल्ह्यातल्या असईला २३ सप्टेंबर १८०३ रोजी दौलतराव शिंद्यांच्या फौजेची इंग्रज सेनापती वेलस्लीशी लढाई झाली. इंग्रजांचे जखमी सैनिक उपचारासाठी अजिंठ्याला आणले होते. त्या दिवसाची आठवण म्हणून मिळालेला असईचा हत्ती मद्रास रेजिमेंटच्या चिन्हावर आजही आहे, कारण वेलस्लीच्या फौजेत मद्रासी शिपाई मोठ्या संख्येने होते. रणांगण मराठवाड्याचं, बिरुद दक्षिणेचं.

पुढे निजामाच्या खर्चाने इंग्रजांनी हैदराबाद कंटिंजंट पोसली. औरंगाबाद आणि हिंगोलीत तिच्या छावण्या होत्या, पण शिपायांत भरणा उत्तर हिंदुस्थानातल्या माणसांचा. याच फौजेतून घडलेली हैदराबाद रेजिमेंट १९४५ मध्ये कुमाऊँ रेजिमेंट झाली, आणि आज तिचं केंद्र हिमालयातल्या रानीखेतला आहे. मराठा लाइट इन्फंट्रीचं केंद्र बेळगावला. म्हणजे छावणी दाराशी असूनही इथल्या शेतकऱ्याच्या पोराला ‘आपली पलटण’ अशी मिळालीच नाही. साताऱ्यात आजोबा सुभेदार, चुलते हवालदार, म्हणून नातू भरतीला जातो. कोणत्या दिवशी कुठं जायचं, मेडिकलमध्ये काय बघतात, हे त्याला घरातच कळतं. हा वारसा पेन्शनच्या पैशांवर आणि सुट्टीवर आलेल्या जवानाच्या गप्पांवर वाढतो.

आणि सरकारने मनात आणलं तर तो वारसा तोडताही येतो. ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबई लष्करात महार शिपाई पिढ्यान्‌पिढ्या लढले. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ‘लढाऊ जाती’चं खूळ इंग्रजांच्या डोक्यात शिरलं आणि महारांची भरती बंद झाली. निवृत्त महार सैनिक गोपाळबाबा वलंगकरांनी त्याविरुद्ध अर्ज केला. पहिल्या महायुद्धात माणसं कमी पडली, तेव्हा १९१७ मध्ये १११वी महार पलटण उभी राहिली. गरज सरताच १९२१ मध्ये मोडली. महार रेजिमेंट उभी राहायला १९४१ उजाडावं लागलं, तेही डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी लावून धरल्यावर. कोण लढाऊ आणि कोण नाही, हे दरवेळी भरतीच्या टेबलामागच्या माणसाने ठरवलं.

जून २०२२ मध्ये जाहीर झालेल्या अग्निपथ योजनेने ‘ऑल इंडिया, ऑल क्लास’ भरतीचं धोरण आणलं. जातीवर आणि प्रांतावर बेतलेली जुनी रचना सैल होणार असेल, तर ज्यांची पलटणच नव्हती त्या सिल्लोडसारख्या तालुक्यांचा त्यात फायदा आहे, हे मोकळेपणाने मान्य करायला हवं.

पण दार उघडताना आतली खोली लहान करून ठेवली आहे. नियमित जवान पंधरा वर्षांच्या सेवेनंतर पेन्शनला पात्र होतो. अग्निपथमधून भरती झालेल्या अग्निवीराची मुदत चार वर्षं. पहिल्या वर्षी महिना ३०,००० रुपये, त्यातले हातात २१,०००. शेवटी मिळणाऱ्या सुमारे ११.७१ लाखांच्या सेवानिधीत निम्मी रक्कम त्याच्याच पगारातून कापलेली. जास्तीत जास्त २५ टक्के जवान कायम होणार. बाकीच्यांना पेन्शन नाही, माजी सैनिकाचा दर्जाही नाही. ऑक्टोबर २०२३ मध्ये सियाचीनमध्ये कर्तव्यावर मृत्युमुखी पडलेला अग्निवीर सिल्लोडच्या शेजारच्या बुलढाणा जिल्ह्यातला होता. विम्याची आणि सानुग्रह रक्कम अशा कुटुंबाला मिळते, पण नियमित जवानाच्या घरी दरमहा येणारं कुटुंब निवृत्तिवेतन येत नाही. बर्फात उभं राहताना दोघांच्या अंगावरचा गणवेश एकच असतो. मागे राहिलेल्या आईबापांत हा भेद करणं अन्यायाचं आहे.

ज्या वारशाने अपशिंगे घडलं, तो चार वर्षांत कसा तयार होणार? पंचविशीच्या आसपास परतलेला पोरगा धाकट्या भावाला काय सांगेल, यावर तालुक्यातली पुढची भरती ठरणार आहे.

पहिल्या तुकडीने २०२२च्या अखेरीस प्रशिक्षण सुरू केलं, म्हणजे तिची चार वर्षं २०२६च्या अखेरीस भरतात. हरियाणाने पोलीस शिपाई, वनरक्षक, तुरुंग रक्षक अशा पदांवर अग्निवीरांसाठी १० टक्के आरक्षण २०२४ मध्येच जाहीर केलं. महाराष्ट्रात गट क आणि ड च्या पदांवर माजी सैनिकांना १५ टक्के समांतर आरक्षण आहेच. तसाच पोलीस भरतीच्या जाहिरातीत अग्निवीरांचा रकानाही ठळक दिसला पाहिजे. शिवाय कोणत्या तालुक्यातून किती मुलं गेली, किती कायम झाली, किती परतली, हे आकडे दरवर्षी प्रसिद्ध व्हावेत. छत्रपती संभाजीनगरच्या सैन्यभरती कार्यालयाच्या कक्षेत जळगावपासून नांदेडपर्यंतचे जिल्हे येतात. एवढ्या मोठ्या पट्ट्यात सिल्लोडचा आकडा हरवून जातो. आणि जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयाने माजी सैनिकाचं ओळखपत्र नाही म्हणून परतलेल्या पोराला दारातून माघारी पाठवू नये, एवढा आदेश तर राज्य सरकार पहिली तुकडी घरी पोचण्याआधीच काढू शकतं.