गाय उताराला जात नव्हती

गुरांच्या डॉक्टरांविषयी माझे मत फारसे बरे नव्हते. रोगी बोलत नाही म्हटल्यावर काय, अंदाजाने सुई टोचली की झाले, असे आम्हां पुणेकरांना वाटते. (आम्हांला पुष्कळ गोष्टींविषयी पुष्कळ वाटते.) यंदा पोळ्याला बुलढाणा जिल्ह्यात, मेहकरजवळ पैनगंगेच्या काठी ताईच्या सासरी गेलो, आणि ते मत तिथेच सोडून आलो.

आदल्या दिवशी पोहोचलो. अंगणात बैलांची खांदेमळणी चालली होती, पण कुणाचे चित्त ठिकाणावर नव्हते. घरची गाय विऊन पंधरा दिवस झाले होते आणि तीन दिवस तिने गव्हाणीला तोंड लावले नव्हते. दूध आटले होते. वासरू सारखे हंबरत होते.

डॉक्टर आले. अकोल्याच्या पशुवैद्यक संस्थेत शिकलेला तिशीतला तरुण. आल्या आल्या त्यांनी मला छत्री मिटायला लावली आणि समोरच्या ओट्यावर जे बसले ते उठेचनात! दहा मिनिटे झाली. मी न राहवून विचारले, "डॉक्टर, तपासणार केव्हा?"

"तपासतोच आहे," ते म्हणाले.

गाय मुळात वाघाची शिकार. कळपात जी लंगडेल ती आधी जाईल, म्हणून दुखणे लपवणे तिच्या रक्तातच आहे. त्यातून परका माणूस अंगाशी आला की ती भिते, नाडी धावते, श्वास चढतो. मग ते आकडे दुखण्याचे की भीतीचे? म्हणून आधी लांबून पाहायचे. कान कसे आहेत, पाठ कशी आहे, रवंथ करते का. धड गाय दिवसाकाठी सात-आठ तास रवंथ करते. माझ्या छत्रीचाही खुलासा झाला. अमेरिकेतल्या टेंपल ग्रँडिन या बाई गुरांना नेण्याच्या चिंचोळ्या वाटांत स्वतः शिरल्या, तेव्हा त्यांना दिसले की लोंबती साखळी किंवा जमिनीवरची सावलीसुद्धा गुरांना बिचकवते.

मग त्यांनी ताईच्या सासूबाईंना विचारले, "आजी, हिच्या वागण्यात काय फरक पडला?"

"नदीवर पाणी पाजाले नेतो नं डॉक्टरसाहेब, तं उताराले जातच नाही. चढाले बराबर येते."

डॉक्टर ताडकन उठले. पण गेले मात्र सावकाश, बोलत बोलत, खांद्याच्या बाजूने; गाईला थेट पाठीमागचे दिसत नाही आणि न दिसणाऱ्याला ती लाथ मारते. वशिंडामागे पाठीची कातडी चिमटीत धरली. निरोगी गाय पाठ खाली दबवते. ही ताठ राहिली आणि कण्हली.

"तार असेल, नाही तर खिळा."

गाय चारा न चावता गिळते, रवंथ नंतर. चाऱ्यातले लोखंड पोटाच्या पुढच्या, जाळीसारख्या कप्प्यात जाऊन बसते. त्याच्यापुढे एक पडदा आणि लगेच काळीज. विताना कळा दिल्या की टोक रुतते. उतारावर पोटाचा भार पुढे येतो, कळ उठते. चढावर तो मागे सरतो. आजींनी निम्मे निदान करून ठेवले होते आणि त्यांना ते ठाऊक नव्हते!

दुसऱ्या दिवशी, ऐन पोळ्याला, डावी कूस बधिर करून गाय उभ्यानेच उघडली. आजींना डॉक्टरांनी तिच्या डोक्याशी उभे केले होते. "तुमचा हात काढू नका," एवढेच सांगितले. दोन तास म्हातारीने हात काढला नाही, आणि गाईने पाय उचलला नाही. ताई मात्र आत देवापाशी बसून होती.

तार निघाली. बोटभर लांब, गंजलेली, एका टोकाला वळवलेला फासा.

सगळ्यांनी ती हातात घेऊन पाहिली. कुठून आली असेल याची चर्चा झाली. कुंपणाची, कुणी म्हणाले, खताच्या पोत्याची. मी गप्प होतो. गेल्या दिवाळीत भाचरांसाठी आकाशकंदील मीच केला होता. फासा असा दुहेरी वळवायची खोड माझीच. तुळशीचे लग्न झाल्यावर तो उतरवून मी कडब्याच्या गंजीपाशी टाकला होता.

चौथ्या दिवशी गाय खाऊ लागली. आठवड्याने नदीवर गेली, असे ताईचे पत्र आले. तारेचे मी तिला अजून सांगितलेले नाही. ती हे सदर दरवर्षी वाचते.