गाणें कारखान्यांत पिकत नाहीं

डेट्रॉइट शहराच्या संगीताविषयीं बोलणें निघालें कीं एक वाक्य हटकून ऐकावें लागतें : मोटारी जशा तेथल्या कारखान्यांतून निघाल्या, तशींच तेथलीं गाणींही साच्यांतून निघालीं. गंमत अशी कीं, स्तुतिपाठक आणि निंदक हे दोघेही हें वाक्य सारख्याच आवडीनें उच्चारतात. एकाला त्यांत अमेरिकन कर्तबगारी दिसते, दुसऱ्याला कलेची अधोगति. आमचें म्हणणें असें कीं, दोघेही चुकतात. आणि ही चूक निरुपद्रवी नाहीं. ह्या एका उपमेच्या आड एका वस्तीचा नाश आणि अनेक गुणी माणसांची उपेक्षा सुखानें दडून बसली आहे.

उपमेला मुळींच आधार नाहीं, असें आम्ही म्हणत नाहीं. हेन्री फोर्डच्या हायलंड पार्क येथील कारखान्यांत १९१३ सालीं सरकत्या मार्गावर मोटारी जोडण्याची पद्धति सुरू झाली. पुढें बेरी गॉर्डी नांवाचा एक कृष्णवर्णीय तरुण लिंकन-मर्क्युरीच्या कारखान्यांत कांहीं काळ तसलेंच काम करीत होता. १९५९ सालीं घरच्या मंडळींकडून ८०० डॉलर उसने घेऊन त्यानें गाण्याच्या तबकड्या काढण्याचा धंदा मांडला. तोच पुढें 'मोटाऊन' ह्या नांवानें जगभर गाजला. वेस्ट ग्रँड बुलेव्हार्डवरील एका साध्या घरांत ध्वनिमुद्रणाची खोली थाटली गेली. कोणतें गाणें बाजारांत जावें हें ठरविण्यासाठीं तेथें नियमानें बैठका होत. गाणाऱ्या मुलामुलींना चालण्याबोलण्याचें व रंगमंचावर वावरण्याचें शिक्षण मिळे. हा धडा आपण कारखान्यांतून घेतला, असें गॉर्डीनें स्वतःच सांगून ठेविलें आहे.

येथपर्यंत सर्व मान्य. पण कारखान्याच्या पद्धतीचें मर्म कोणतें? माणूस बदलला तरी माल बदलूं नये, हें. आजचा कामकरी उद्यां गेला आणि त्याच्या जागीं दुसरा आला, तरी मोटार तीच निघाली पाहिजे. मोटाऊनच्या त्या खोलींत नेमकें उलट होतें. जेम्स जेमरसनचें बास गिटार, बेनी बेंजामिनचे ड्रम आणि अर्ल व्हॅन डाइकचा पियानो ह्यांच्या जागीं दुसरे हात आणून बसविले असते, तर गाण्याचे शब्द तेच राहिले असते, पण गाणें तें राहिलें नसतें. तेथें माणूस बदलला कीं माल बदलत होता.

हीं माणसें आलीं तरी कोठून? त्यांतील कित्येक जण रात्रीं शहरांतील क्लबांतून जॅझ वाजवीत असत. जेमरसनच्या हातीं डबल बास हें वाद्य आलें तें नॉर्थवेस्टर्न हायस्कुलांत. कॅस टेक्निकल हायस्कुलांत रॉन कार्टर, पॉल चेंबर्स, डोनाल्ड बर्ड ह्यांच्यासारखे वादक शिकले. गायिका डायना रॉसही तेथलीच विद्यार्थिनी. ह्या सार्वजनिक पैशानें चालणाऱ्या शाळा. ज्या घरांत वाद्य विकत घेण्याची ऐपत नव्हती, त्या घरांतल्या मुलाला तेथें वाद्यही मिळे व शिकविणारा गुरुही मिळे.

आणि शाळेइतकीच मोठी दुसरी पाठशाळा म्हणजे हेस्टिंग्ज स्ट्रीट. दक्षिणेंतून पोटासाठीं आलेल्या कृष्णवर्णीयांची वस्ती ह्या रस्त्याच्या आसपास वसली होती. मिसिसिपीहून आलेला जॉन ली हूकर कारखान्यांत झाडलोट करी आणि रात्रीं ह्या भागांत गाई. १९४८ सालीं त्यानें ध्वनिमुद्रित केलेल्या 'बूगी चिलन' ह्या गाण्यांत ह्या रस्त्याचें नांव आहे. येथेंच जो व्हॉन बॅटल ह्याचें तबकड्यांचें दुकान होतें. रेव्हरंड सी. एल. फ्रँकलिन ह्यांचीं प्रवचनें त्यानें ध्वनिमुद्रित केलीं, आणि त्यांची मुलगी अरेथा हिच्या पहिल्या तबकड्याही त्यानेंच काढल्या.

त्या रस्त्याचें पुढें काय झालें? क्रायस्लर फ्रीवे नांवाच्या हमरस्त्यासाठीं तो पाडून टाकण्यांत आला. घरें गेलीं, दुकानें गेलीं, गाण्याच्या जागा गेल्या. व्हॉन बॅटलनें आपलें दुकान ट्वेल्फ्थ स्ट्रीटवर नेलें. तेथें १९६७ च्या जुलै महिन्यांत उसळलेल्या दंगलींत, जींत ४३ माणसें मेलीं, तेंही नष्ट झालें. गाणीं कारखान्यानें घडविलीं असें एकदां मानलें, कीं असली वस्ती पाडतांना कोणाला हळहळ वाटण्याचें कारणच उरत नाहीं!

वादकांची गतही निराळी झाली नाहीं. वर्षानुवर्षें तबकड्यांच्या वेष्टनांवर त्यांचीं नांवें छापलीं गेलीं नाहींत. तीं प्रथम आलीं १९७१ सालीं, मार्व्हिन गेच्या 'व्हॉट्स गोइंग ऑन' ह्या संग्रहावर. आणि १९७२ सालीं मोटाऊननें आपलें बिऱ्हाड लॉस एंजल्सला हलविलें. उपमेची खरी परीक्षा येथें होते. कारखाना असता तर यंत्रांबरोबर मालही तिकडे गेला असता. कंपनी जगली, पुढेंही तिचीं गाणीं गाजलीं. परंतु ज्या नादाला जग डेट्रॉइटचा नाद म्हणून ओळखत होतें, तो तिच्यामागून गेला नाहीं. बहुतेक वादक मागें राहिले. जेमरसन तिकडे गेला, पण सोबत्यांवांचून त्याचा जम बसला नाहीं. १९८३ सालीं अवघ्या ४७ व्या वर्षीं तो वारला. ह्या वादकांची कहाणी सांगणारा चित्रपट निघाला तो २००२ सालीं, त्यांच्यांतील अनेक जण निवर्तल्यावर.

कोणी म्हणेल, गॉर्डीची शिस्त नसती तर हे लोक क्लबांतच कुजले असते. असेल. गॉर्डीच्या दृष्टीचें आणि धडाडीचें श्रेय आम्हांला हिरावून घ्यावयाचें नाहीं. परंतु चाळणी कितीही उत्तम असली तरी धान्य शेतांतच पिकतें. चाळणीची पूजा करावयाची आणि शेतावरून रस्ता काढावयाचा, ह्याला गुणग्राहकता म्हणत नाहींत.

वेस्ट ग्रँड बुलेव्हार्डवरील तें घर आज संग्रहालय म्हणून जपलें जातें, हें योग्यच आहे. दूरदूरचे लोक तेथें जाऊन ती लहानशी खोली पाहतात. मात्र तिच्या दारांत उभें राहून केवळ "येथें गाणीं तयार झालीं" एवढेंच म्हणूं नये. तीं वाजविणाऱ्यांना वाद्य कोणत्या शाळेनें दिलें, त्यांचे कान कोणत्या रस्त्यानें तयार केले, आणि तो रस्ता आतां कोठें आहे, हेंही विचारावें. आपल्या गांवाला संगीताचें वैभव यावें असें ज्यांना वाटतें, त्यांनीं इमारती बांधण्यापूर्वीं ह्याच प्रश्नांचीं उत्तरें द्यावीं.